तेरा महिन्यांचा देश

बीडहून सोलापूरच्या रस्त्याला लागले, की खजाना विहीर मागे पडते आणि मांजरसुंब्याचा घाट चढण्याआधी पाली लागते. गावाजवळच बिंदुसरेचे धरण आहे, पलीकडे बालाघाटाच्या रांगा. १५ ऑगस्ट १९४७च्या सकाळी पश्चिमेला अहमदनगर जिल्ह्यात गावोगाव तिरंगा चढत होता. पालीत तो चढवणे हा गुन्हा होता, कारण पाली त्या दिवशी भारतात नव्हती. पाकिस्तानातही नव्हती. निजाम मीर उस्मान अली खान यांच्या फर्मानाप्रमाणे ती हैदराबाद नावाच्या तिसऱ्या, स्वतंत्र देशात होती. हा देश १७ सप्टेंबर १९४८पर्यंत टिकला. तेरा महिने आणि वर दोन दिवस.

आपल्याकडे या तेरा महिन्यांचा इतिहास सांगताना हैदराबादचा स्वतंत्र होण्याचा दावा म्हणजे एका विक्षिप्त, कंजूष राजाचा हट्ट, असे म्हणून पुढे जाण्याची पद्धत आहे. मला ते पटत नाही. दावा चुकीचा होता, पण तो का चुकीचा होता हे नीट समजून घेतले पाहिजे. कारण विसाव्या शतकात हैदराबादपेक्षा कितीतरी लहान भूभाग राष्ट्रे झाले आणि राष्ट्रे म्हणून टिकले.

आकाराचेच पाहा. हैदराबाद संस्थान सुमारे ८२,००० चौरस मैलांचे, १९४१च्या जनगणनेत लोकसंख्या १ कोटी ६३ लाखांच्या घरात. स्वतःचे नाणे, स्वतःचे टपाल, स्वतःची रेल्वे, विमान कंपनी, नभोवाणी, सैन्य, विद्यापीठ. एकटा बीड जिल्हा आज १०,६९३ चौरस किलोमीटरचा आहे. त्यात मॉरिशस पाच वेळा मावेल आणि लक्झेंबर्ग चार वेळा. त्या लक्झेंबर्गचे नाव संयुक्त राष्ट्रांच्या संस्थापक सदस्यांत आहे. समुद्र नाही, चारही बाजूंनी दुसरा देश आहे, म्हणून हैदराबाद स्वतंत्र राहू शकत नव्हते, असेही म्हणतात. पण आफ्रिकेतले लेसोथो तसेच आहे. चहूबाजूंनी दक्षिण आफ्रिका, बाहेर पडायला समुद्र नाही, आणि तरी ४ ऑक्टोबर १९६६पासून तो स्वतंत्र देश आहे. भूगोलाने प्रश्न सुटत नाही. उत्तर शोधायचे तर बीडसारख्या जिल्ह्यात खाली उतरावे लागते आणि सत्ता कुणाची होती, कुणावर होती, हे बघावे लागते.

आसफजाही घराण्याचा दख्खनवरचा अंमल १७२४पासूनचा. बीडच्या मातीने त्याला आव्हान दिले नाही असे नाही. १० ऑगस्ट १७६३ रोजी याच जिल्ह्यात, गोदाकाठच्या राक्षसभुवनला, थोरल्या माधवरावांनी निजामअलीच्या फौजेचा पाडाव केला. पुढे ११ मार्च १७९५ला जामखेडजवळच्या खर्ड्याला निजाम पुन्हा हरला. पण त्यानंतर तीनच वर्षांनी, १७९८मध्ये, त्याने इंग्रजांची तैनाती फौज पत्करली आणि मराठ्यांचे भय कायमचे टळले. किंमत मात्र मोठी होती. इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखालच्या ‘हैदराबाद कंटिंजंट’ या दुसऱ्या फौजेच्या खर्चाची थकबाकी इतकी साचली, की १८५३मध्ये वऱ्हाड इंग्रजांकडे द्यावे लागले. निजाम इंग्रजांचा ‘विश्वासू दोस्त’ ठरला. घराच्या आत मालक, घराबाहेर मिंधा.

रयतेच्या डोक्यावर त्यामुळे दोन मजले चढले. १८१८मध्ये बीड भागात धर्माजी प्रतापरावाने बंड केले, तेव्हा ते मोडायला निजामाची फौज आली आणि तिचे नेतृत्व सदरलँड नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याकडे होते. मोमिनाबादला, म्हणजे आजच्या अंबाजोगाईला, घोडदळाची छावणी होती ती याच व्यवस्थेतली. वसाहतवादाचा इतिहास लिहिताना आपण गोरा अधिकारी आणि काळी प्रजा एवढेच चित्र रंगवतो. मराठवाड्यातला शेतकरी गोऱ्या अधिकाऱ्याचे तोंडही न पाहता जगला आणि मेला. त्याला पाटील, पटवारी, देशमुख, जहागीरदार, तालुकदार एवढे दिसत. पण त्यांच्यापैकी कुणालाही जाब विचारता येत नव्हता, याचे कारण शेवटी सिकंदराबादेत बसलेली इंग्रजी फौज होती. राजाला प्रजेची भीती वाटू नये अशी सोय त्या तैनाती करारात होती.

रोजचे जगणे कसे होते? जिल्ह्याचा मुख्य अव्वल तालुकदार. कचेरीचा कागद उर्दूत, साल फसली. बाजारात हाली रुपया चाले आणि हद्दीपलीकडे, इंग्रजी मुलखात, कळदार. सात हाली म्हणजे सहा कळदार असा भाव. अहमदनगरकडे माल न्यायचा किंवा तिकडून आणायचा, तर हद्दीवर करोडगिरीचा नाका, तिथे जकात. ज्याची सोयरीक जामखेड-पाथर्डीकडे होती, त्याला लग्नाचे सामान आणतानाही दोन राज्यांच्या मधली रेघ ओलांडावी लागे. सभा घ्यायची तर आधी परवानगी. १९२९च्या गश्ती निशाण ५३ या परिपत्रकाने ही परवानगीची अट इतकी घट्ट केली, की धार्मिक किंवा सामाजिक मेळावाही सरकारच्या मर्जीवर अवलंबून राहिला. खासगी शाळा काढण्यावर बंधने होती. उस्मानिया विद्यापीठ १९१८मध्ये निघाले, भारतीय भाषेत उच्च शिक्षण देणारे म्हणून त्याचे कौतुक झाले आणि ते योग्यही होते. पण ती भाषा उर्दू होती. मराठी, तेलुगू, कन्नड बोलणाऱ्या बहुसंख्यांच्या मुलांना ज्ञानाच्या दारात आधी परकी भाषा शिकावी लागे.

म्हणूनच मराठवाड्यातला स्वातंत्र्यलढा शाळांतून निघाला. हिप्परग्याची राष्ट्रीय शाळा १९२१ची. तिथे व्यंकटेश खेडगीकर नावाचा तरुण शिक्षक होता. त्याने संन्यास घेतला आणि तो स्वामी रामानंद तीर्थ झाला. १९३५मध्ये स्वामीजी मोमिनाबादला आले, योगेश्वरी शाळेचे मुख्याध्यापक झाले. बाबासाहेब परांजपे त्यांचे सहकारी. आज अंबाजोगाईत शिक्षण घेणाऱ्या मुलांना आपल्या शाळेच्या आवारात एका संस्थानाच्या अखेरीची तयारी झाली होती हे कुणी सांगते की नाही, मला ठाऊक नाही. सांगायला हवे. दिवसा गणित-इंग्रजी शिकवायचे आणि बाकी वेळात माणसे घडवायची, असे ते काम होते. त्या माणसांपैकी अनेक पुढे तुरुंगात गेली.

१९३८मध्ये हैदराबाद स्टेट काँग्रेस स्थापन होण्याआधीच निजाम सरकारने तिच्यावर बंदी घातली. जन्माला येण्याआधी मृत्युदंड. २४ ऑक्टोबर १९३८पासून सत्याग्रह सुरू झाला. बंदी उठायला १९४६ साल उजाडावे लागले. त्याच सुमारास सरकारने ‘सुधारणा’ म्हणून नवे विधिमंडळ पुढे केले, त्यात लोकसंख्येत फार मोठे अंतर असलेल्या हिंदू आणि मुस्लिम समाजांना समसमान जागा आणि मंत्रिमंडळ मात्र निजामालाच जबाबदार. स्टेट काँग्रेसने त्यावर बहिष्कार घातला.

मग जून १९४७ आला. इंग्रजांचे सार्वभौमत्व संपले, की ते आपल्याकडे परत येईल आणि हैदराबाद स्वतंत्र होईल, असे फर्मान निजामाने काढले. कायद्याच्या भाषेत त्याला आधारही होता. इंग्रजांनी जाताना संस्थानांशी केलेले करार रद्दबातल ठरवले होते. सर वॉल्टर मॉंक्टन यांच्यासारखा नामांकित इंग्रज वकील निजामाचा सल्लागार होता. समुद्र नाही ही अडचण सोडवण्यासाठी पोर्तुगिजांकडून मुरगाव बंदर मिळवण्याची खटपटही चालली. म्हणजे एका स्वातंत्र्यासाठी दुसऱ्या गुलामीशी सौदा. गोव्यातला मराठी-कोकणी माणूस सालाझारच्या राज्यात भरडला जात होता, आणि त्याचे बंदर मराठवाड्यातल्या माणसावर राज्य चालू ठेवण्यासाठी मागितले जात होते. या दोन्ही माणसांना कुणी विचारले नव्हते.

ऑक्टोबर १९४७मध्ये भारताशी करार जवळजवळ ठरला होता. २७ ऑक्टोबरच्या पहाटे रझाकारांच्या, म्हणजे निजामाच्या राज्यासाठी उभ्या राहिलेल्या सशस्त्र स्वयंसेवकांच्या, जमावाने हैदराबादेत पंतप्रधान छत्तारीचे नवाब आणि मॉंक्टन यांच्या घरांना वेढा घातला, दिल्लीला निघालेले शिष्टमंडळ अडवले. तिथून सूत्रे लातूरच्या एका वकिलाच्या हातात गेली. त्याचे नाव कासीम रझवी, रझाकारांचा म्होरक्या. २९ नोव्हेंबरला वर्षभराचा ‘जैसे थे’ करार झाला, पण तो दोन्हीकडून पाळला गेला नाही. निजाम सरकारने पाकिस्तानला २० कोटी रुपयांचे कर्ज दिले. सिडनी कॉटन नावाचा ऑस्ट्रेलियन वैमानिक कराचीहून रात्री विमानाने शस्त्रे आणून बिदर-वरंगळला उतरवू लागला. भारताने हद्दीवर नाकेबंदी आवळली, मीठ-रॉकेलची टंचाई झाली.

हद्दीवरची गावे मधल्या मध्ये सापडली. रझाकार गावात येत, धान्य आणि पैसा मागत, घरे जाळत. बिदर जिल्ह्यातल्या गोरट्याला मे १९४८मध्ये झालेल्या कत्तलीने सगळे संस्थान हादरले. दुसऱ्या बाजूने बार्शी, सोलापूर, उमरखेड, मनमाड अशा हद्दीपलीकडच्या ठिकाणी स्टेट काँग्रेसने सशस्त्र कॅम्प उभारले. तिथून तरुण आत येऊन करोडगिरीची नाकी जाळत, पोलिस ठाण्यांवर हल्ले करत. स्वामीजी या काळात बहुतेक तुरुंगातच होते.

मात्र हा हिंदू विरुद्ध मुस्लिम असा सरळ लढा नव्हता. ‘इमरोज’ या उर्दू दैनिकाचे तरुण संपादक शोएबुल्ला खान हैदराबादने भारतात सामील व्हावे असे उघड लिहीत. ऑगस्ट १९४८मध्ये मारेकऱ्यांनी त्यांना भर रस्त्यात संपवले. उलट, मराठवाड्यातल्या सगळ्याच दलितांना भारतात येणे म्हणजे मुक्ती असे वाटत नव्हते, आणि त्याला कारण होते: गावातला पाटील, देशमुख, सावकार जो होता तोच उद्या खादी घालून राहणार होता. औरंगाबादेत जन्मलेले दलित नेते बी. श्यामसुंदर तर निजामाच्या शिष्टमंडळातून संयुक्त राष्ट्रांत गेले. डॉ. आंबेडकरांनी मात्र नोव्हेंबर १९४७मध्येच निजामाची बाजू घेऊ नका असे अस्पृश्य समाजाला बजावले होते. श्यामसुंदरांना गद्दार म्हणून टाकणे सोपे आहे. त्यांचा प्रश्न मात्र खरा होता, आणि पुढची कित्येक वर्षे मराठवाड्याने तो सोडवला नाही.

ऑगस्ट १९४८मध्ये हैदराबादने सुरक्षा परिषदेकडे तक्रार दाखल केली. परिषद १६ सप्टेंबरला पॅरिसमध्ये बसली. अध्यक्षस्थानी ब्रिटनचे सर अलेक्झांडर कॅडोगन. हैदराबादच्या वतीने मोईन नवाज जंग, भारताच्या वतीने सर रामस्वामी मुदलियार. हैदराबाद हे मुळात राष्ट्रच नाही, त्याला इथे येण्याचा अधिकार नाही, हे मुदलियारांचे म्हणणे. त्या दिवशी पॅरिसमध्ये हैदराबाद म्हणजे काय यावर कायद्याचा कीस पडत असताना इकडे भारतीय सैन्याच्या कारवाईचा, ‘पोलिस ॲक्शन’चा, चौथा दिवस चालू होता.

भारतीय सैन्य १३ सप्टेंबरला पहाटे आत घुसले. सोलापूरच्या रस्त्याने नळदुर्ग, तिथला बोरी नदीवरचा पूल शाबूत हाती आला, मग जळकोट, उमरगा. तुळजापूरला रझाकार दोन तास लढले. औरंगाबाद आणि जालना लगेच पडले. जालन्यात थोडी फौज ठेवून बाकीची तुकडी लातूरकडे आणि तिथून मोमिनाबादला वळली. तिथे निजामाचे गोवळकोंडा लान्सर्स होते. शंभर-सव्वाशे वर्षे ज्या छावणीच्या जोरावर बीडचा मुलूख शांत ठेवला गेला, तिथल्या घोडदळाने नावापुरता प्रतिकार केला आणि शरणागती पत्करली. जी फौज प्रजेला धाकात ठेवण्यासाठी होती, ती प्रजेसाठी लढणार तरी कशी? आणि प्रजा तिच्यासाठी? खेड्यांतून निजामाचे राज्य वाचवायला कुणी उठले नाही. १७ला संध्याकाळी निजामाने नभोवाणीवरून शस्त्रसंधी जाहीर केली, १८ला जनरल अल इद्रूस यांनी मेजर जनरल जयंतनाथ चौधरींसमोर शस्त्रे ठेवली. २२ला निजामाने पॅरिसला तार करून तक्रार मागे घेतली. दरम्यान २० सप्टेंबरला लंडनच्या बँकेतल्या हैदराबादच्या खात्यातले दहा लाखांवर पौंड पाकिस्तानच्या उच्चायुक्तांच्या खात्यात वळते झाले होते. ते कुणाचे, हा वाद तिथल्या न्यायालयात २ ऑक्टोबर २०१९ला निकाली निघाला, भारत आणि निजामाच्या वारसांच्या बाजूने.

पैशाचा हिशेब सत्तर वर्षे जपून ठेवला गेला. माणसांचा ठेवला गेला नाही.

पोलिस ॲक्शननंतरच्या आठवड्यांत मराठवाड्यात जे झाले, ते आपल्या घरांत दबक्या आवाजात बोलले जाते. रझाकार पळाले, अनेक जहागीरदार-अधिकारी हैदराबादेत किंवा पाकिस्तानात पोहोचले. खेड्यांत उरले ते पिंजारी, बागवान, तांबोळी, आतार, शेतमजूर. सूड त्यांच्यावर उगवला गेला. केंद्र सरकारने पंडित सुंदरलाल, काझी अब्दुल गफ्फार आणि मौलाना अब्दुल्ला मिस्री यांची समिती पाठवली. नोव्हेंबर-डिसेंबर १९४८मध्ये ती गावोगाव फिरली. तिच्या अंदाजाने संस्थानात २७,००० ते ४०,००० माणसे मारली गेली. उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेड हे चार जिल्हे सर्वाधिक होरपळले. त्याखालोखाल औरंगाबाद, बीड, नलगोंडा आणि मेदक. या चारांत मिळून किमान ५,००० बळी. बीडचे नाव त्या यादीत आहे. अहवाल कित्येक दशके प्रसिद्धच झाला नाही. या समितीतले लोक भारताचे शत्रू नव्हते. सुंदरलाल स्वतः गांधीवादी होते, आणि भारतीय सैन्याने अनेक ठिकाणी मुस्लिमांना वाचवले हेही त्यांनी नोंदवले आहे. रझाकारांचे अत्याचार त्यांनी नाकारले नाहीत. म्हणूनच त्यांच्या आकड्यांकडे पाठ फिरवता येत नाही.

हैदराबादची गोष्ट जगात एकटी नाही. आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावरचे झांझिबार घ्या. तिथे अरब सुलतान, भोवती जमीनदारांचा छोटा वर्ग आणि खाली आफ्रिकी बहुजन. इंग्रज गेले आणि १० डिसेंबर १९६३ला सुलतानाच्या नावाने देश स्वतंत्र झाला. १२ जानेवारी १९६४ला, म्हणजे जेमतेम महिन्याभरात, उठाव झाला, सुलतान बोटीतून पळाला आणि मागे राहिलेल्या साध्या अरब व भारतीय वस्तीतल्या हजारोंची कत्तल झाली. २६ एप्रिलला झांझिबार टांगानिकात मिसळले आणि त्याचाच पुढे टांझानिया झाला. सिंहासनासाठी स्वातंत्र्य, मग पाडाव, मग सिंहासनाच्या जातभाईंवर सूड, मग शेजाऱ्यात विलीनीकरण. पायऱ्या त्याच.

उलट मॉरिशस बघा. तिथे मराठी माणसे आहेत, कोकणातून ऊसमळ्यांवर गेलेल्यांचे वंशज. त्या बेटाच्या स्वातंत्र्याचा कौल १९६७च्या निवडणुकीत लागला. जवळपास ४४ टक्के मते स्वातंत्र्याच्या विरोधातल्या पक्षाला गेली, पण सगळ्यांना मत देता आले आणि १२ मार्च १९६८ला जो देश झाला तो टिकला. लेसोथोही टिकला, कारण एकोणिसाव्या शतकात मोशोशू राजाने विखुरलेल्या टोळ्यांना एकत्र आणून तो घडवला होता आणि पुढे दक्षिण आफ्रिकेत जायला तिथल्या लोकांनी सतत विरोध केला. बीडच्या रयतेने हैदराबादच्या स्वातंत्र्यासाठी असे काही केले असते, तर पोलिस ॲक्शन पाच दिवसांत संपलीच नसती. तिला कुणी विचारलेच नव्हते.

विचारले गेले ते पुढे. प्रौढ मताधिकाराच्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत, १९५२च्या सुरुवातीला, बीडने लोकसभेवर पाठवले ते काँग्रेसच्या उमेदवाराला नव्हे, तर अंबाजोगाईचे बाबासाहेब परांजपे यांना. ते पीपल्स डेमोक्रॅटिक फ्रंटचे. निजाम गेला म्हणून काँग्रेसलाच मत द्यायचे असे बंधन या मतदाराने मानले नाही. पुढे १९६७मध्ये याच जिल्ह्याने साताऱ्याच्या प्रतिसरकारचे क्रांतिसिंह नाना पाटील यांना निवडून दिले. १ नोव्हेंबर १९५६ला हैदराबाद राज्य तीन भाषांत वाटले गेले आणि पाली द्वैभाषिक मुंबई राज्यात आली.

त्या देशाची कागदपत्रे मात्र अजून जिवंत आहेत. २०२३मध्ये न्यायमूर्ती संदीप शिंदे समितीसाठी मराठवाड्यातल्या तहसील कचेऱ्यांनी निजामकालीन उर्दू आणि मोडी दप्तरे उघडली, कुणबी नोंदी शोधण्यासाठी. बीडही त्यात होते. वाचणारे माणूस मिळेना म्हणून जाणकार शोधून आणावे लागले, पण काम झाले. सरकारने मनावर घेतले तर जुन्या कपाटातली नावे बाहेर येतात, हे त्यातून दिसले. मग १९४८च्या उन्हाळ्यात रझाकारांनी मारलेल्यांची आणि त्याच वर्षीच्या सप्टेंबर-ऑक्टोबरात सूडात मारल्या गेलेल्यांची गाववार यादीही करता येईल. पाटील-पटवाऱ्यांची दप्तरे, पोलिस ठाण्यांची बुके, निर्वासितांचे अर्ज यांतून ती जुळवता येईल. ती वाचू शकणारी, उर्दू जाणणारी म्हातारी माणसे जिल्ह्यात आहेत तोवर हे काम हाती घ्यावे, आणि दरवर्षी १७ सप्टेंबरला ध्वजारोहणाच्या कार्यक्रमात दोन्ही याद्या वाचाव्यात.